क्रेतिनेत्ती पडायचा तेव्हा

१९०८ साल सरत आलं तेव्हा उत्तर इटलीतल्या तोरिनो शहरात इताला फिल्म ही नवी चित्रपट कंपनी बाजारात पाय रोवायची धडपड करत होती. तिची सूत्रं जोव्हान्नी पास्त्रोने या पंचविशीतल्या तरुणाकडे होती. शिक्षण हिशेबनिसाचं, हात व्हायोलिनवर बसलेला आणि डोकं धंद्यात पक्कं. युरोपभरच्या जत्रांमधल्या तंबूंत आणि शहरांतल्या चित्रगृहांत तेव्हा पॅरिसच्या पाते कंपनीचं राज्य होतं. पातेच्या मालात लोक ज्याची वाट पाहायचे तो होता ब्वारो. दिसेल त्या वस्तूवर आदळणारा, हात लावेल त्या कामाचा विचका करणारा एक इसम. पास्त्रोनेने त्या ब्वारोलाच उचललं आणि पॅरिसहून तोरिनोला आणलं.

त्याचं खरं नाव आंरी आंद्रे शापे, रंगभूमीवरचं नाव आंद्रे दीद. जन्म १८७९चा, फ्रान्समधल्या ल हाव्र बंदरातला. गाणारा, नकला करणारा आणि अंगाने कसरतपटू. पडद्याचं शिक्षण त्याला जॉर्ज मेलिएससारख्या जादूगाराच्या हाताखाली मिळालं होतं. मेलिएसच्या १९०१च्या एका छोट्या चित्रपटात दीद विदूषकाच्या वेशात येतो आणि त्याचे हात, पाय, डोकं एकामागून एक धडापासून सुटून आपापल्या वाटेने फिरू लागतात. कॅमेरा थांबवायचा, चित्रातली वस्तू बदलायची, पुन्हा सुरू करायचा, ही युक्ती दीदने तिथे जवळून पाहिली. पातेकडे तो धावायला, पडायला आणि पाठलागाची रंगत चढवायला शिकला. १९०९च्या सुरुवातीला तोरिनोत कॅमेऱ्यासमोर उभा राहिला तेव्हा या दोन्ही विद्या त्याच्या अंगात मुरलेल्या होत्या. इथे त्याला नवं नाव मिळालं: क्रेतिनेत्ती.

पुढच्या तीन वर्षांत क्रेतिनेत्तीचे शंभराच्या आसपास चित्रपट निघाले. एकेक फीत दीडशे मीटरच्या आगेमागे. सेकंदाला सोळा चौकटी या वेगाने ती साधारण आठ मिनिटं चालायची. चित्रगृहाच्या कार्यक्रमात एक ऐतिहासिक नाट्य, एक निसर्गदृश्य, एखादी बातमी आणि मग शेवटी क्रेतिनेत्ती. तो पोलीस होतो, कर्ज फेडायला निघतो, नाचाला जातो. काम कोणतंही असो, सात-आठ मिनिटांत घर, दुकान, गल्ली, सगळ्याचा बोजवारा उडालेला असतो.

यातल्या एका चित्रपटाशी थोडं थांबायला हवं. ‘क्रेतिनेत्ती के बेल्लो’, साल १९०९. क्रेतिनेत्तीला लग्नाचं बोलावणं येतं. तो नखशिखांत नटतो, इतका की त्याच्याकडे पाहणाऱ्या बायकांचं भान सुटतं. एक मागे लागते, मग दुसरी, मग लग्नघरातल्या झाडून सगळ्या. बागेतून, झाडांमधून तो जिवाच्या आकांताने पळतो. या पाठलाग करणाऱ्या बायकांपैकी बहुतेक म्हणजे घागरे घातलेले पुरुष आहेत, त्यामुळे त्यांची धाव, त्यांच्या उड्या आणि त्यांचं कोसळणं सगळं राकट आणि बेफाम. शेवटी त्या त्याला गाठतात आणि अक्षरशः फाडतात. मग गर्दी पांगते. जमिनीवर अवयव उरतात. क्षणभराने ते हलू लागतात, एकमेकांना शोधतात, जुळतात आणि क्रेतिनेत्ती पुन्हा अखंड उभा राहतो.

मेलिएसकडे अवयव सुटायचे ते रंगमंचाच्या काळ्या पडद्यापुढे, जादूचा प्रयोग म्हणून. इथे तेच भर उन्हात, खऱ्या झाडांखाली घडतं, आणि त्याला कारण आहे: लोकांनी त्याला फाडलेलं असतं. दीदने जादूला गर्दी दिली आणि राग दिला. माझ्या मते आदळआपटीच्या विनोदातली ही फार मोठी उडी होती. अमेरिकेत मॅक सेनेटची कीस्टोन कंपनी निघाली १९१२ साली आणि चॅप्लिन पडद्यावर आला १९१४ साली. तोरिनोतलं हे शरीर त्याआधीच फुटून पुन्हा सांधलं गेलं होतं.

क्रेतिनेत्तीचा खप पाहून बाकीच्या कंपन्या स्वस्थ बसणं शक्यच नव्हतं. तोरिनोतच आम्ब्रोझिओ फिल्मने १९१० साली मार्सेल फाब्र या नटाला रोबिने हे नाव देऊन पुढे आणलं. रोमच्या चिनेस कंपनीने त्याच साली फर्दिनान्द गिय्योमचा तोन्तोलिनी केला. पुढे याच चिनेसमध्ये रेमों फ्रो हा नट क्री क्री झाला. आम्ब्रोझिओकडे एर्नेस्तो व्हाझेर फ्रिको म्हणून गाजला, इतालाकडे एमिलिओ व्हारदान्नेस तोतो म्हणून. महायुद्ध लागेपर्यंतच्या त्या पाचसहा वर्षांत अशी अनेक नावं पडद्यावर आली.

नाव मात्र नटाच्या मालकीचं नसायचं, कंपनीच्या मालकीचं असायचं. १९११च्या अखेरीस दीद पॅरिसला परतला तेव्हा क्रेतिनेत्ती तोरिनोतच राहिला आणि दीद पुन्हा ब्वारो झाला. फ्रान्समध्ये क्रेतिनेत्तीचे चित्रपट ग्रिबुय या नावाने चालायचे, म्हणून ग्रिबुय पुन्हा ब्वारो कसा होतो हे सांगणारा एक वेगळा चित्रपटच पातेने १९१२ साली काढला. इंग्लंडमध्ये हाच माणूस फूल्सहेड होता, स्पेनमध्ये तोरिबिओ, रशियात ग्लुपिश्किन. लोकांनी चेहरा ओळखला, चाल ओळखली. नाव दर सीमेवर बदलत गेलं आणि त्याने काही बिघडलं नाही.

इटलीतल्या विनोदाचा विषय निघाला की पुस्तकांतून एक वंशावळ हमखास मांडली जाते: कोमेदिया देल्लार्ते, तिचे मुखवटे, आर्लेक्किनो, त्याच्या कमरेला खोचलेली दोन पट्ट्यांची आवाज काढणारी लाकडी फळी, आणि तिथून थेट पडदा. ही वंशावळ मला पटत नाही. हे नट कोण होते ते पाहा. दीद फ्रेंच. मार्सेल फाब्र स्पेनमधला, मूळ नाव मार्सेल फेर्नान्देस पेरेस, सर्कशीत वाढलेला. रेमों फ्रोचा जन्म आफ्रिकेतल्या डाकारचा. गिय्योम इटालियन सर्कस घराण्यातला खरा, पण जन्म फ्रान्समधल्या बायोनचा, आणि घराणं तंबू घेऊन देशोदेशी फिरणारं. ‘इटालियन’ म्हणून जगभर गेलेल्या या विनोदाचे मोठे नट सर्कशीतून आणि गाण्याबजावण्याच्या कॅफेंतून आले होते. तिथे भाषेचा अडसर नसतो आणि प्रेक्षक दर आठवड्याला नवा असतो. मूकपटाला नेमकी हीच माणसं हवी होती.

सर्कशीतला माणूस पडण्याकडे काम म्हणून पाहतो. या चित्रपटांतला कॅमेरा बहुधा एका जागी खिळलेला असतो, पूर्ण देह चौकटीत ठेवून. माणूस जिन्यावरून कोसळला तर पहिल्या पायरीपासून शेवटच्या पायरीपर्यंत तो आपल्यासमोर कोसळतो. मध्ये कट मारून वाचवायची सोय फार कमी. जिथे माणसाचा जीवच गेला असता तिथे कॅमेरा थांबवून कापडी पुतळा फेकायचे आणि पुतळा खाली आपटला की त्याच्या जागी नट येऊन झोपायचा. दृश्याला वेग हवा असला की कॅमेरामन हँडल सावकाश फिरवायचा, म्हणजे पडद्यावर सगळं भरधाव दिसायचं. फितीला तांबडा रंग कळत नसे, ओठ काळे उमटायचे, म्हणून चेहऱ्यावर पांढरा थर आणि डोळ्यांभोवती काजळ. स्टुडिओचं छत काचेचं, प्रकाश सूर्याचा. सेट उभारणारे सुतार मोडायच्या बेतानेच फर्निचर जोडायचे.

आणि ते फर्निचर मोडायचंच! मला या चित्रपटांत सर्वांत बोलकी वाटते ती नासधूस. तोरिनो तेव्हा इटलीतलं सर्वांत नवं शहर होतं म्हटलं तरी चालेल. १८९९ साली तिथे फियाट कंपनी निघाली, १९११ साली देशाच्या एकीकरणाच्या पन्नाशीनिमित्त मोठं आंतरराष्ट्रीय प्रदर्शन भरलं. हातात चार पैसे आलेल्या मध्यमवर्गाने दिवाणखाने सजवले: पियानो, आरसे, चिनी मातीच्या फुलदाण्या, जड पडदे. विनोदपट या दिवाणखान्यात शिरतात आणि एकही वस्तू उभी ठेवत नाहीत. रोबिने सायकलीवर बसतो, विमानात बसतो, आणि यंत्र कोणतंही असो, ते शेवटी कुणाच्या तरी घरात घुसतं. तळमजल्यावर स्वस्त तिकीट काढून बसलेल्या कामगाराला मालकाच्या घरातला पियानो फुटताना पाहून काय वाटत असेल, हे कळायला फार विचार करावा लागत नाही.

घर मोडण्याचं काम पुरुषांनीच केलं असंही नाही. लेआ जुंकी ही चिनेसची नटी, गिय्योमच्या भावाची बायको, सर्कशीच्या गोतावळ्यातलीच. १९१०पासून ‘लेआ’ या नावाने तिचे स्वतंत्र चित्रपट निघू लागले. त्यातला १९१३चा ‘लेआ ए इल गोमीतोलो’ अजून उपलब्ध आहे. लेआ वाचत बसलेली आहे. आईवडिलांना हे वाचन पसंत नाही. मुलीच्या जातीने विणकाम करावं म्हणून पुस्तक काढून घेऊन तिच्या हाती सुया आणि लोकरीचा गुंडा देतात आणि बाहेर जातात. गुंडा हातून निसटतो. लेआ तो शोधू लागते. खुर्चीखाली पाहते, खुर्ची उलटते. कपाटामागे पाहते, कपाट कोसळतं. खण रिकामे होतात, गालिचे उचकटले जातात, एका खोलीचं काम उरकून ती दुसऱ्या खोलीत जाते. तिच्या चेहऱ्यावर खोडकरपणाचा लवलेशही नाही. आज्ञाधारक मुलगी सांगितलेलं काम मन लावून करते आहे, आणि त्या कामानेच घर जमीनदोस्त होतं आहे. शेवट मुद्दाम सांगत नाही, तो पाहायलाच हवा.

लेआसारख्या इतरही होत्या. आम्ब्रोझिओची जिजेत्ता मोरानो, रोबिनेची जोडीदार रोबिनेत म्हणून गाजलेली निल्दे बाराक्की, आणि दीदच्या अनेक चित्रपटांत दिसणारी व्हालेन्तिना फ्रास्कारोली, जी पुढे त्याची पत्नी झाली. इतिहासाच्या पुस्तकांत या बायकांची नावं पुष्कळदा तळटिपेत जातात. पडद्यावर मात्र त्या पुरुषांच्या बरोबरीने जिन्यांवरून कोसळल्या आहेत.

गिय्योमचा विनोद दीदपेक्षा मवाळ. दीदच्या अंगात हल्लेखोर आहे, तर गिय्योम कुठल्यातरी विचारात हरवलेला, गोंधळलेला, जगाला थोडा घाबरणारा. १९११ साली चिनेसने ‘पिनोक्किओ’ काढला, त्या गोष्टीचं पडद्यावरचं हे पहिलं रूप. लाकडाचा पोर झाला चोवीस वर्षांचा गिय्योम, परी झाली लेआ. पोराच्या भूमिकेत हा वाढलेला माणूस खटकेल असं आधी वाटतं, पण त्याचे कोपर आणि गुडघे असे वळतात की सांध्यांत खिळे आहेत याची खात्रीच पटते. पुढच्या वर्षी तो तोरिनोच्या पास्क्वाली कंपनीकडे गेला. तोन्तोलिनी हे नाव मागे राहिलं, नवं नाव मिळालं पोलिदोर. ते त्याला आयुष्यभर पुरलं.

मार्सेल फाब्रने १९१४ साली केलेला ‘आमोर पेदेस्त्रे’ या सगळ्यांत वेगळा. पूर्ण चित्रपटात एकही चेहरा नाही. कॅमेरा गुडघ्यांखाली ठेवलेला, दिसतात ती फक्त पावलं, बूट, घागऱ्याची झालर. एका पुरुषाची पावलं एका बाईच्या पावलांमागे निघतात. ती थांबली की ही थांबतात, ती वळली की ही अडखळतात. बुटातून चिठ्ठी पोचवली जाते, द्वंद्वयुद्ध होतं, तेही पावलांचंच. आशा, लाज, चिडचिड, सगळं घोट्यातून आणि टाचेतून कळतं. पुढच्याच वर्षी मारिनेत्ती या फ्यूचरिस्ट कवीने पडदा अर्धाच वर करून नटांचे फक्त पाय दाखवणारी छोटी नाटिका लिहिली आणि तिची नोंद कलेच्या इतिहासात झाली. फाब्रचा चित्रपट मात्र बराच काळ हलकंफुलकं रीळ म्हणून अडगळीत राहिला. हा अन्याय आहे, आणि तो अन्यायच म्हटला पाहिजे.

इकडे पास्त्रोनेचं लक्ष मोठ्या गोष्टींकडे लागलं होतं. १९११ साली त्याने ‘ट्रॉयचा पाडाव’ पडद्यावर आणला, आणि १८ एप्रिल १९१४ रोजी तोरिनोत ‘काबिरिया’चा पहिला खेळ झाला. कार्थेज, ज्वालामुखी, हत्ती, आल्प्स पर्वत ओलांडणारा हॅनिबल, आणि रुळांवरून सरकणारा कॅमेरा. जगभरच्या चित्रपटांच्या इतिहासात ‘काबिरिया’ला मानाचं पान आहे. ते पान वाचताना दोन गोष्टी ध्यानात ठेवाव्यात. एक म्हणजे, देशोदेशी विकल्या जाणाऱ्या क्रेतिनेत्तीच्या आठ-आठ मिनिटांच्या फितींनी इतालाचा जम बसवला, म्हणून पास्त्रोनेला एवढा खर्च करण्याची हिंमत झाली. दुसरी म्हणजे, त्या चित्रपटातला हॅनिबल आहे एमिलिओ व्हारदान्नेस, कालपरवापर्यंत तोतो म्हणून आपटणारा. रोमच्या ‘क्वो व्हादिस’मध्येही (१९१३) नायिका लिजियाच्या भूमिकेत लेआ जुंकी आहे. भव्य चित्रपटांनी विनोदपटांकडून पैसा घेतला आणि माणसंही घेतली.

प्रेक्षकही त्यांनीच नेला. तास-दोन तासांचे चित्रपट सुरू झाल्यावर आठ मिनिटांचं रीळ तोंडी लावण्यापुरतं उरलं. सुशिक्षित गिऱ्हाईक लीदा बोरेल्लीसारख्या नायिकांचे उसासे पाहायला जाऊ लागलं. मग मे १९१५मध्ये इटली युद्धात उतरली. २४ मे रोजीच ऑस्ट्रियाच्या विमानांनी व्हेनिसवर बाँब टाकले. दीद नुकताच तोरिनोला परतला होता आणि क्रेतिनेत्ती हे नाव त्याला पुन्हा मिळालं होतं. त्याच वर्षी त्याने शत्रूच्या विमानांच्या धास्तीवर चित्रपट काढला. नवविवाहित क्रेतिनेत्ती हवाई हल्ल्याच्या सरकारी सूचना वाचतो, पाण्याच्या बादल्या आणि वाळू घरात आणून भरतो, आणि बाँब पडण्याआधीच घराची वाताहत करून ठेवतो. भिंतीवर खरोखरची तशीच पत्रकं लागलेली असताना लोक हे पाहून हसले. त्या विषयावर त्याच घडीला विनोद करायला छाती लागते.

त्यानंतर उतार लागला. अनेकांना सैन्याची बोलावणी आली, परदेशी बाजार तुटले, अमेरिकेचा माल येऊ लागला. फाब्र अमेरिकेला गेला आणि तिथे मार्सेल पेरेस या नावाने काम करत राहिला. दीदने १९२१ साली ‘लुओमो मेक्कानिको’ हा यंत्रमानवाचा चित्रपट काढला. त्याचा जो भाग वाचला तो ब्राझीलमध्ये सापडला. त्यात दोन अजस्र यंत्रमानव नाट्यगृहात शिरून एकमेकांशी झुंजतात. जिथे माणसाने खुर्च्या मोडल्या तिथे आता यंत्रं इमारती मोडू लागली होती. १९४० साली पॅरिसमध्ये दीद गेला तेव्हा त्याची आठवण फार थोड्यांना होती.

गिय्योम मात्र १९७७पर्यंत जगला आणि दिग्दर्शक फेदेरिको फेल्लिनीने त्याला शोधून काढलं. ‘काबिरियाच्या रात्री’मध्ये तो साधू आहे, ‘ला दोल्चे व्हीता’तल्या नाइटक्लबात तुतारी वाजवत फुगे घेऊन जाणारा विदूषक तोच, ‘साडेआठ’मध्येही तो आहे. फेल्लिनीने श्रेयनामावलीत त्याचं नाव पोलिदोर असंच दिलं.

मूळ फिती नायट्रेटच्या होत्या. काही जळल्या, काही विरघळल्या, काही चांदीसाठी धुतल्या गेल्या. जे वाचलं त्यातलं पुष्कळ इटलीबाहेर वाचलं. नेदरलँड्समधला वितरक जाँ देस्मे याने जपून ठेवलेला नऊशेहून अधिक चित्रपटांचा साठा आज अ‍ॅमस्टरडॅमच्या संग्रहालयात आहे. त्यामुळे या इटालियन विनोदपटांच्या कितीतरी प्रती डच पाट्यांसह पाहाव्या लागतात. तोरिनोत मारिया आद्रियाना प्रोलो या बाईंनी १९४१पासून एकहाती जमवाजमव सुरू केली आणि त्यातून तिथलं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय उभं राहिलं. बोलोन्याच्या चित्रसंग्रहाने प्रती दुरुस्त करून दरवर्षीच्या महोत्सवात दाखवल्या.

पाहायचे असतील तर लेआपासून सुरुवात करावी, मग ‘आमोर पेदेस्त्रे’, मग क्रेतिनेत्ती. एक पथ्य मात्र पाळावं. अनेक प्रती बोलपटाच्या चोवीस चौकटींच्या वेगाने चालवल्या जातात आणि मग सगळे नट झटके आल्यासारखे फडफडतात. याच प्रती पाहून कित्येकांनी हा विनोद पोरकट ठरवून टाकला आहे. सोळा ते अठरा चौकटींच्या वेगाने लावलेली प्रत मिळवावी. त्या वेगात दीद कोसळण्याआधी डोळ्याच्या कोपऱ्यातून जागा हेरतो ते दिसतं, खांदा आत वळवतो ते दिसतं, आणि तळहात जमिनीला कुठे लागला तेही दिसतं.